जर्मन बोलपटांच्या पहिल्या वर्षांतला संकलक: कारकीर्द शोधायची कशी

बर्लिनमध्ये १९२९ ते १९३३ या काळात बोलपट कापणाऱ्या माणसाची कारकीर्द शोधायला बसलात, की पहिली अडचण अशी येते: नाव जिथे असायला हवं तिथेच ते नसतं. दिग्दर्शक, नट, संगीतकार, छायाचित्रकार पडद्यावर असतात. संकलक कधी असतो, कधी नसतो, कधी वेगळ्याच नावाने असतो. म्हणून श्रेयनामावल्या गोळा करून केलेली यादी हा फक्त कच्चा माल समजा. खरा पुरावा फिल्मच्या मीटरमध्ये, भाषिक आवृत्त्यांमध्ये आणि पट्टीवरच्या जोडांमध्ये सापडतो. तो काढायला थोडं गणित लागतं, थोडं जर्मन लागतं आणि फ्रेम-फ्रेम पुढे सरकवत चित्रपट पाहण्याचा चिवटपणा लागतो.

काळाची चौकट आधी आखा

टोबिस आणि क्लांगफिल्म या बोलपटाचं तंत्र पुरवणाऱ्या दोन्ही कंपन्या १९२८ साली उभ्या राहिल्या. क्लांगफिल्मच्या मागे सीमेन्स आणि एईजी या विद्युत-उद्योगातल्या कंपन्या होत्या. १९२९ च्या मार्चमध्ये दोघींनी भांडण मिटवून आपापली क्षेत्रं वाटून घेतली. त्याच वर्षी उफा या मोठ्या जर्मन चित्रपट कंपनीने बर्लिनजवळ नॉयबाबेल्सबर्गला ‘टोनक्रॉइत्स’ बांधलं: क्रॉसच्या आकारात मांडलेले चार ध्वनिबंद स्टुडिओ. उफाचा पहिला संपूर्ण बोलपट ‘मेलोडी डेस हेर्त्सेन्स’ डिसेंबर १९२९ मध्ये आला. मूकपट कापून हात बसलेल्या माणसाला नवं काम शिकायला जेमतेम वर्षभर मिळालं, हे या तारखांवरून कळतं.

दुसरी सीमा १९३३ ची. २९ मार्चला उफाच्या संचालक मंडळाने ज्यू कर्मचाऱ्यांना काढून टाकायचं ठरवलं. जुलैमध्ये राइशफिल्मकामर, म्हणजे नाझी सरकारचं चित्रपट-मंडळ, स्थापन झालं आणि त्याच्या सदस्यत्वाशिवाय चित्रपटात काम करणं अशक्य झालं. बऱ्याच संकलकांच्या बाबतीत याच वर्षी कागदपत्रांचा देश बदलतो, भाषा बदलते आणि कधी नावही बदलतं. म्हणून १९२९ आधीचं, १९२९ ते १९३३ मधलं आणि त्यानंतरचं काम अशी तीन वेगळी पानं ठेवा. एकाच पानावर सरमिसळ केलीत, तर पुढे कुठल्या नोंदीला कुठला पुरावा हे तुम्हालाच सापडणार नाही.

प्रत्येक चित्रपटापुढे आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच लिहा: आवाज तबकडीवर होता की फिल्मवर. सुरुवातीला दोन्ही पद्धती चालू होत्या. तबकडीवरच्या आवाजाला जर्मनमध्ये ‘नाडेलटोन’ म्हणत, फिल्मवर प्रकाशाने छापलेल्या आवाजाला ‘लिश्टटोन’. तबकडीच्या पद्धतीत एका रिळाला एक तबकडी. अशी प्रत चित्रपटगृहात तुटली आणि चार फ्रेम गेल्या, तर तिथे मोजून चार काळ्या फ्रेम जोडाव्या लागत. नाहीतर तिथून पुढे रीळ संपेपर्यंत ओठ आणि शब्द जुळत नसत. आज अशा चित्रपटाची फिल्म सापडते आणि तबकड्या सापडत नाहीत, असंही होतं. मग जे उरतं ते मुकं असतं. त्यावरून संकलकाने आवाज कसा कापला याबद्दल काहीही लिहू नका.

टेबलावर काय चालायचं

हे माहीत नसेल तर पडद्यावर काय शोधायचं तेच कळणार नाही, म्हणून इथे थोडं थांबू.

प्रकाशध्वनीच्या, म्हणजे लिश्टटोनच्या, पद्धतीत चित्र एका कॅमेऱ्यात आणि आवाज वेगळ्या यंत्रात मुद्रित होई. संकलकापुढे दोन पट्ट्या येत. दोन्ही ३५ मिलिमीटर रुंद, दोन्हींच्या कडेला सारखी भोकं. एका फ्रेमला चार भोकं, म्हणजे १९ मिलिमीटर फिल्म. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे ४५.६ सेंटिमीटर. शॉटच्या तोंडाशी फळी आपटलेली असे. फळी मिटलेली पहिली फ्रेम आणि आवाजाच्या पट्टीवरचा तो ‘टक्’चा ठसा या दोन्हींवर खूण करायची, आणि मग एकाच दांड्यावर बसवलेल्या दातेरी चाकांवरून दोन्ही पट्ट्या बरोबरीने पुढे न्यायच्या. दांडा एकच असल्याने एक पट्टी दुसरीच्या पुढे जाऊ शकत नाही. एक फ्रेम म्हणजे सेकंदाचा चोविसावा भाग. एवढी चूक सहसा खपते. दोन-तीन फ्रेमची चूक बोलणाऱ्याच्या ओठांवर दिसायला लागते.

आवाजाच्या पट्टीवर आवाज डोळ्यांना दिसतो, पण वाचता येईलच असं नाही. काही पद्धतींत पट्टीची रुंदी बदलते आणि करवतीच्या दात्यांसारखी किनार दिसते. त्यात शांतता कुठे संपली आणि शब्द कुठे सुरू झाला हे बऱ्यापैकी ओळखू येतं. क्लांगफिल्मच्या केर सेलवर (विजेच्या दाबाने प्रकाश कमी-जास्त करणाऱ्या उपकरणावर) चालणाऱ्या पद्धतीत मात्र रुंदी तीच राहते आणि शिडीच्या पायऱ्यांसारख्या आडव्या रेघा कमी-जास्त गडद होत जातात. तिथे शब्दाचं तोंड नजरेने पकडणं कठीण. ऐकून खूण करावी लागते. त्यामुळे सुरुवातीच्या बोलपटांत वाक्यांच्या मागेपुढे थोडी जास्तीची शांतता दिसली, तर लगेच ‘संथ संकलन’ असा शेरा मारू नका. शब्दाचं शेपूट तुटू नये म्हणून ती जागा मुद्दाम सोडलेली असू शकते.

जोड ओला असे. एका टोकावरचा रसायनाचा थर खरवडायचा, फिल्म सिमेंट लावायचं, दुसरं टोक त्यावर दाबून धरायचं. खरवडणं कमी झालं तर जोड सुटतो. जास्त झालं तर फिल्म तिथेच पातळ होऊन तुटते. सिमेंट जास्त झालं तर बाहेर येऊन शेजारच्या फ्रेमवर डाग पडतो. जोडात दोन टोकं एकमेकांवर चढतात, म्हणून एकदा केलेला जोड उकलून जागा बदलायची म्हटलं की कामाच्या प्रतीतली एखादी फ्रेम जातेच. मूकपटात त्याचं फारसं बिघडत नव्हतं. बोलपटात गेलेल्या फ्रेमच्या जागी काळी फ्रेम घालावी लागते, नाहीतर दुसऱ्या पट्टीशी मेळ तुटतो.

आवाजाच्या पट्टीवरचा जोड यंत्रातून जाताना ‘टप्’ असा आवाज करतो, कारण तिथे प्रकाश एकदम बदलतो. त्यावर काळ्या रंगाचा तिरप्या कडांचा ठिपका देत. त्रिकोणी किंवा दोन्ही बाजूंनी निमुळता, म्हणजे प्रकाश हळूहळू कमी होतो आणि हळूहळू परत येतो. कड सरळ ठेवली तर ‘टप्’ राहतो. ठिपका फार लांब केला तर शेजारचं व्यंजन गिळलं जातं. निगेटिव्हवर हेच काम तिरकस भोक पाडून होतं, कारण छापताना भोकाचा काळा डाग होतो.

आणि हे सगळं नायट्रेट फिल्मवर, जी एकदा पेटली की पाणी ओतूनही विझत नाही.

आवाजांचं मिश्रण आज वाटतं तितकं हाताशी नव्हतं. प्रकाशध्वनीची दुसरी पिढी काढली की खरखर वाढते. त्यामुळे संवादाखाली संगीत, त्याखाली रस्त्याची गजबज असे थर रचण्याऐवजी एका वेळी एकच आवाज ठेवणं सोयीचं होतं. दार उघडलं की गाणं ऐकू येतं आणि दार लागलं की पूर्ण शांतता, अशी रचना त्या वर्षांतल्या चित्रपटांत दिसते. तिच्यात कलेचा भाग किती आणि यंत्राच्या मर्यादेचा किती, हे एका चित्रपटावरून ठरवू नका. त्याच स्टुडिओत त्याच वर्षी झालेले आणखी दोन-तीन चित्रपट बघा.

एक सूचना जाता जाता. या काळाचं वर्णन करताना संकलनाच्या आडव्या स्टीनबेक टेबलाचं चित्र डोळ्यांसमोर आणू नका. ती टेबलं महायुद्धानंतरची आहेत.

कार्ड चित्रपटाचं नको, आवृत्तीचं करा

बहुतेक चुकांचं मूळ इथे आहे. डबिंग रुळण्यापूर्वी जर्मन निर्माते एकच कथा एकाच सेटवर दोन-तीन भाषांत वेगवेगळी चित्रित करत. नट बदलत, कधी दिग्दर्शक बदले आणि संकलकही बदले. ‘मेलोडी डेस हेर्त्सेन्स’ जर्मन, इंग्रजी, फ्रेंच आणि हंगेरियन अशा चार भाषांत झाला. दिग्दर्शक पाब्स्टच्या १९३१ च्या ‘डी ड्रायग्रोशनओपर’ची जर्मन आवृत्ती हान्स ओझरने कापली, तर वेगळ्या नटांच्या फ्रेंच आवृत्तीवर आन्री रुस्त यांचं नाव आहे. चित्रपटाच्या नावाने एकच कार्ड केलं की ही दोन माणसं एकमेकांच्या कामात मिसळतात. ‘डेर ब्लाउए एंगेल’ जर्मन आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषांत झाला आणि त्याच्या नोंदींत सॅम विन्स्टन आणि वाल्टर क्ले अशी दोन नावं येतात. अशा वेळी कोणती आवृत्ती कुणाची, हे जोवर आवृत्तीच्या श्रेयनामावलीतून किंवा त्या काळच्या कागदातून दिसत नाही, तोवर दोन्ही कार्डांवर दोन्ही नावं लिहून पुढे प्रश्नचिन्ह ठेवा.

याच्या उलट उदाहरण पाब्स्टच्याच ‘कामराडशाफ्ट’चं. त्यात जर्मन आणि फ्रेंच खाणकामगार आपापल्या भाषेत बोलतात. एकाच चित्रपटात दोन भाषा आहेत म्हणून त्याच्या दोन आवृत्त्या गृहीत धरू नका.

कार्डावर एवढ्या गोष्टी हव्यात: आवृत्तीची भाषा, निर्माती कंपनी, आवाजाची पद्धत, सेन्सॉरने मान्य केलेली लांबी मीटरमध्ये, रिळांची संख्या, पहिल्या प्रदर्शनाची तारीख आणि गाव, संकलकाचं नाव जसं छापलं आहे तसंच्या तसं, आणि ते नाव कुठून घेतलं. शेवटच्या रकान्यात आळस करू नका. पडद्यावरचं नाव, त्या काळच्या छापील कार्यक्रमपत्रिकेतलं नाव, व्यवसाय-वृत्तपत्रातलं नाव आणि पुढच्या काळातल्या कोशातलं नाव, या चार गोष्टींचं वजन सारखं नाही. पडद्यावरच्या नावातही एक मेख आहे. नंतर पुन्हा प्रदर्शित झालेल्या प्रतींना नवी श्रेयनामावली जोडलेली असू शकते. अक्षरांचं वळण बाकीच्या चित्रपटातल्या लेखनाशी जुळतं का ते बघा.

मीटरवरून मिनिटं

जर्मनीत १२ मे १९२० च्या कायद्याने प्रत्येक चित्रपटाला प्रदर्शनाआधी परवानगी घ्यावी लागे. परीक्षण मंडळं बर्लिन आणि म्युनिकला, वरचं मंडळ बर्लिनला. परवानगीबरोबर एक कार्ड मिळे, ‘त्सेन्झुअरकार्टे’. त्यावर शीर्षक, कंपनी, रिळांची संख्या, मीटरमध्ये लांबी आणि काही कापायला लावलं असेल तर ते. संकलकाच्या नावासाठी या कार्डावर विसंबू नका. लांबीसाठी मात्र याच्याइतका भक्कम कागद दुसरा नाही.

हिशेब असा. २४ फ्रेम गुणिले ६० म्हणजे मिनिटाला १४४० फ्रेम. एक फ्रेम १९ मिलिमीटर, म्हणून मिनिटाला २७.३६ मीटर. कार्डावरच्या मीटरला २७.३६ ने भागा, मिनिटं मिळतात. दिग्दर्शक फ्रित्स लांगच्या १९३१ च्या ‘एम’ची लांबी ३२०८ मीटर दिलेली असते. भागल्यावर ११७ मिनिटं १५ सेकंद येतात. आज पाहायला मिळणाऱ्या प्रती त्याहून काही मिनिटांनी लहान आहेत. म्हणजे पाउल फाल्केनबर्गने कापलेला सगळा चित्रपट आपल्यापुढे नाही. ‘एम’मधल्या एखाद्या प्रसंगाच्या गतीवर लिहिताना हे ध्यानात ठेवावं लागतं.

आता यातला सापळा. दूरदर्शनसाठी आणि युरोपातल्या जुन्या डीव्हीडीसाठी चित्रपट सेकंदाला २५ फ्रेमने चालवला जाई. त्यात वेळ चार टक्क्यांनी घटतो आणि आवाज किंचित वरच्या पट्टीत जातो. ३२०८ मीटरचा अख्खा चित्रपट अशा डिस्कवर ११२ मिनिटं ३४ सेकंद भरेल. कुणी ते बघून ‘जवळपास पाच मिनिटं कापली’ असं लिहून मोकळं होतं, आणि प्रत्यक्षात एक फ्रेमही गेलेली नसते. म्हणून कुठलीही तुलना करण्याआधी फाइलचा फ्रेमवेग पाहा आणि दोन्ही लांब्या मीटरमध्ये आणून मगच शेजारी ठेवा.

मूकपटाला हा भागाकार लावू नका. त्यांचा वेग ठरलेला नसे. २० फ्रेमने चालवला तर मिनिटाला २२.८ मीटर जातात, १८ ने चालवला तर त्याहून कमी. बोलपटाची मुकी आवृत्तीही विकली जाई, कारण सगळ्या चित्रपटगृहांत ध्वनियंत्रणा बसलेली नव्हती. तिची लांबी वेगळी असते आणि तिला स्वतःचं कार्ड हवं.

उडी संकलकाची की नंतरच्या कुणाची

जुन्या प्रतीत चित्र मध्येच उडी मारतं. ती संकलकाची शैली, सेन्सॉरची कात्री की चित्रपटगृहात तुटलेली फिल्म? या प्रश्नाचं उत्तर बऱ्याचदा घरबसल्या मिळतं, आणि ते देण्याची सोय प्रकाशध्वनीच्या रचनेतच आहे.

प्रदर्शनाच्या प्रतीत चित्र आणि आवाज एकाच पट्टीवर असतात, पण शेजारी-शेजारी नसतात. प्रक्षेपकात चित्राची खिडकी वर आणि आवाज वाचणारा भाग खाली असतो. म्हणून एखाद्या फ्रेमचा आवाज पट्टीवर तिच्या सुमारे २० फ्रेम आधी छापलेला असतो, म्हणजे पट्टीच्या सुरुवातीच्या दिशेने साधारण ३८ सेंटिमीटरवर. समजा चित्रपटगृहात प्रत तुटली आणि दहा फ्रेम कापून टाकल्या. चित्र त्या जागी लगेच उडी मारतं. पण त्या दहा फ्रेमशेजारी जो आवाज होता तो पुढच्या चित्राचा होता. त्यामुळे आवाजाची उडी चित्राच्या उडीनंतर सुमारे ०.८ सेकंदाने ऐकू येते. मधल्या त्या पाऊण सेकंदात ओठ आणि शब्द जुळत नाहीत, मग पुन्हा जुळतात.

संकलकाच्या टेबलावर चित्र आणि आवाज वेगवेगळ्या पट्ट्यांवर होते. तिथे केलेल्या कटात हा ०.८ सेकंदाचा फरक पडायचं कारण नाही. दोन्ही एकदम बदलतात, किंवा आवाज ठरवून आधी-नंतर बदलतो आणि वाक्य शाबूत राहतं.

करायचं ते असं. उडीच्या फ्रेमवर थांबा आणि वेळ टिपून घ्या. मग डोळे मिटून फक्त आवाज ऐका आणि शब्द नेमका कुठे तुटतो ते टिपा. फरक १८ ते २२ फ्रेमच्या आसपास असेल, आवाज नंतर असेल आणि वाक्य मध्येच तुटत असेल, तर तो जोड तयार प्रतीवर झालेला आहे. तो संकलकाच्या खात्यावर मांडू नका.

ही चाचणी नवीन डिजिटल पुनर्संचयित प्रतीवर फसू शकते. तिथे चित्र एका प्रतीतून आणि आवाज दुसऱ्या प्रतीतून घेतलेला असतो आणि खड्डे बुजवलेले असतात. जुनी, सफाई न झालेली प्रत मिळाली तर या कामाला तीच बरी. तबकडीवरच्या चित्रपटालाही ही चाचणी लागू नाही, हे सांगायला नको.

अभिलेखागारात प्रत्यक्ष फिल्म हाताळायला मिळाली, तर काम आणखी सोपं. हातमोजे घालून फिल्मची कड बोटांतून सरकवा. खरा जोड बोटाला उंचवटा म्हणून लागतो. निगेटिव्हमधला जोड प्रतीवर फक्त छापलेली बारीक रेघ म्हणून दिसतो, बोटाला लागत नाही. पहिला या प्रतीच्या आयुष्यातला आहे, दुसरा निगेटिव्ह कापतानाचा.

रिळांची टोकंही बघा. ३०० मीटरचं रीळ सुमारे ११ मिनिटं चालतं. आवाज २० फ्रेम आधी छापावा लागत असल्याने रिळाच्या पहिल्या फ्रेमचा आवाज चित्र सुरू होण्याआधीच्या कोऱ्या फिल्मवर जातो. ती कोरी फिल्म थोडी जरी कापली गेली, तरी पहिला शब्द जातो. म्हणून समजदार संकलक रिळाच्या तोंडाशी आणि शेवटी शांत जागा शोधत, संगीत मधोमध तोडत नसत. चित्रपटात दर दहा-अकरा मिनिटांनी एक छोटी शांतता आढळली, तर ती नाट्य म्हणून वाचण्याआधी रिळाचा हिशेब करून बघा.

कट मोजणं

एका संकलकाचं काम दुसऱ्याशी ताडून बघायचं तर आकडे हवेत. पण सगळा चित्रपट मोजायला बसण्याआधी एक रीळ मोजा. प्रत्येक शॉटला क्रमांक, सुरुवातीची वेळ, आणि आवाजाचं काय झालं यासाठी एक अक्षर: बरोबर बदलला, आधी बदलला, नंतर बदलला, की कटावरून तसाच वाहत गेला. एका चित्रातून दुसरं विरघळत उमटतं तिथे मधल्या फ्रेमवर एकच कट धरा. श्रेयनामावली आणि मजकुराच्या पाट्या वगळा. ६५८ सेकंदांच्या रिळात ७३ शॉट भरले, तर सरासरी शॉट ९ सेकंदांचा. सरासरीसोबत मधला आकडाही काढा, कारण दीड मिनिटाचं एक गाणं सलग असलं की सरासरी फुगते.

या तक्त्यात खरी मौज आवाजाच्या रकान्यात आहे. ‘एम’मध्ये पोलिसांची बैठक आणि गुन्हेगारांची बैठक आलटून-पालटून दिसतात आणि एकीकडे सुरू झालेलं बोलणं दुसरीकडे पुढे चालू राहतं. आई हाका मारत राहते आणि पडद्यावर रिकामा जिना, रिकामी माळवदाची खोली, रिकामी ताटली येते. चित्र आणि आवाज वेगळ्या जागी कापण्याचा हा प्रकार मोजला की १९२९ च्या आणि १९३१ च्या चित्रपटांतलं अंतर डोळ्यांत भरतं. मात्र त्याचं श्रेय आपोआप फाल्केनबर्गला देऊ नका. बोलणं या बैठकीतून त्या बैठकीत जायचं तर दोन्हीकडची वाक्यं तशी लिहावी लागतात, तशी चित्रित करावी लागतात. ते लांग आणि टेआ फोन हार्बो यांच्या पटकथेतलं काम. संकलकाचं असं जे उरतं ते नेमकी फ्रेम निवडणं, आणि ते चित्रपटभर कसोशीने पाळलेलं दिसतं का, हे तक्ता सांगतो.

आणखी एक भेद. सुरुवातीला एकच प्रसंग दोन-तीन कॅमेऱ्यांनी एकाच वेळी टिपत, म्हणजे आवाजाची एकच सलग पट्टी मिळे आणि तिच्यावर कुठल्याही कॅमेऱ्याचं चित्र बसवता येई. अशा प्रसंगात आवाज कटावरून सलग वाहतो आणि नटांच्या हालचाली तंतोतंत जुळतात. तिथे संकलकाला निवडीला वाव थोडा. याच्या उलट मुकं चित्रित करून नंतर आवाज चढवलेल्या तुकड्यांत त्याला मोकळं रान असे. ‘एम’मध्ये असे मुके तुकडे आहेत, आणि शैलीबद्दल काही म्हणायचं असेल तर पुरावा तिथून घ्या.

नावांची भानगड

पदाचं नावच एक नव्हतं. ‘श्निट’, ‘श्निटमाइस्टर’, ‘मोंताज’, बोलपटाबरोबर आलेला ‘कटर’ आणि स्त्रीसाठी ‘कटरिन’, आवाजासाठी ‘टोनश्निट’. शोधताना सगळी रूपं चालवून बघा. फिल्म चिकटवणाऱ्या स्त्रीला ‘क्लेबेरिन’ म्हणत. मूकपटात दिग्दर्शक स्वतः शॉट निवडे आणि ती जोडून देई, ही वहिवाट बोलपटात एकदम संपली असं मानायला जागा नाही. म्हणून संकलकाचं नाव नसलेला चित्रपट ‘अज्ञात संकलक’ असं न लिहिता ‘नाव नोंदलेलं नाही’ असं लिहा. दोन्हींत फरक आहे.

नावावरून स्त्री की पुरुष हे ठरवू नका. १९३३ च्या ‘लीबेलाय’वर फ्रीडेल बुको हे नाव आहे, आणि फ्रीडेल हे जर्मनमध्ये दोघांचंही असू शकतं.

हान्स ओझर आणि ज्याँ ओझर ही एकच व्यक्ती. जर्मनीत हान्स, फ्रान्समध्ये आणि पुढे अमेरिकेत ज्याँ. संकलक व्हिक्टर गेर्टलर हंगेरियन कागदांत गेर्टलर व्हिक्टर होतो, कारण तिथे आडनाव आधी. जर्मन टिंब असलेले स्वर दोन तऱ्हांनी लिहिले जातात, एकदा टिंब देऊन आणि एकदा पुढे ई जोडून. दोन्ही शोधा. जुन्या फ्राक्टूर लिपीतला मजकूर संगणकाने वाचलेला असेल, तर लांब एस एफसारखा वाचला जातो आणि ओझर हा ‘ओफर’ होऊन बसतो. हे चुकीचं रूप मुद्दाम टाइप करून शोधा, नोंदी निघतात.

व्यवसाय-वृत्तपत्रांत ‘फिल्म-कुरिअर’ आणि ‘लिश्टबिल्ड-ब्यूने’ आधी चाळा. पत्ता आणि व्यवसाय हवा असेल तर बर्लिनचं जुनं पत्ता-पुस्तक इंटरनेटवर पाहता येतं. त्यात घराचा मुख्य भाडेकरू नोंदलेला असतो. दुसऱ्याच्या घरात खोली घेऊन राहणारा तरुण सहायक किंवा एकटी राहणारी मुलगी त्यात सापडली नाही, म्हणून ती बर्लिनमध्ये नव्हती असं होत नाही.

१९३३ नंतरचं पान

जे राहिले त्यांचे कागद एका ठिकाणी शोधता येतात. राइशकुल्टुअरकामरच्या, म्हणजे राइशफिल्मकामर ज्याचा भाग होतं त्या संस्कृती-मंडळाच्या, वैयक्तिक फायली बर्लिन-लिश्टरफेल्डेच्या बुंडेसआर्काइव्हमध्ये (जर्मन राष्ट्रीय अभिलेखागारात) आर ९३६१ या संग्रहात आहेत. उफाच्या संचालक मंडळाची इतिवृत्तं तिथेच आर १०९ मध्ये. सदस्यत्वाच्या अर्जात अर्जदार आपलं आधीचं काम स्वतः सांगतो. त्यामुळे श्रेयनामावलीत नसलेले चित्रपट इथे सापडू शकतात. पण १९३३ नंतर भरलेल्या अर्जात कुठल्या निर्मात्याचं, कुठल्या दिग्दर्शकाचं नाव गाळणं सोयीचं होतं हेही डोक्यात ठेवा. जे गाळलं ते शोधायला तुमची १९२९ ते १९३३ ची कार्डं शेजारी ठेवा.

जे गेले त्यांच्या मागे जाताना पदाचं नाव सैल सोडा. फाल्केनबर्ग अमेरिकेत गेला आणि १९५१ साली हान्स नामुथबरोबर चित्रकार जॅक्सन पोलॉकवरच्या लघुपटात त्याचं नाव दिसतं. ओझरने केलेल्या, व्हर्मीरच्या चित्रांवरच्या लघुपटाला १९५२ सालच्या लघुपटांतलं ऑस्कर मिळालं. लोथार वोल्फ, ज्याचं नाव कोनराड फोन मोलोबरोबर ‘दास टेस्टामेंट डेस डॉक्टर माबुझे’वर आहे, तो अमेरिकेत ‘मार्च ऑफ टाइम’ या वृत्तपट-मालिकेत संकलक झाला आणि १९५३ च्या ‘मार्टिन लूथर’चा निर्माता. गेर्टलर हंगेरीत परतून दिग्दर्शक झाला. ‘मेडशन इन उनिफॉर्म’ कापणारा ओस्वाल्ड हाफेनरिश्टर १९४९ च्या ‘द थर्ड मॅन’वर सापडतो, आणि त्यानंतर ब्राझीलमध्ये. फक्त ‘संकलक’ आणि फक्त ‘जर्मनी’ असे शब्द टाकून शोधलं असतं, तर यातली बहुतेक माणसं १९३३ मध्येच संपली असती.

दोन देशांच्या मधली वर्षं कोरी दिसली, तर तिथे अंदाजाने चित्रपट बसवू नका. त्या ओळीत फक्त शेवटचा जर्मन पुरावा आणि पहिला परदेशी पुरावा, दोन्ही तारखांसह लिहा.